घरचुकली

आत्याला सकाळपासून सगळ्यांनी एकच गोष्ट बजावली होती : आज बोलायचं नाही. भावाने बजावली, वहिनीने बजावली, आणि बसमध्ये शेजारी बसलेल्या भाचीने तर दोनदा बजावली. "बरं बाई, तोंडाला कुलूप," आत्या हळूच पुटपुटली. पुढच्या तीन बाकांवरची माणसं मागे वळून बघायला लागली.

यात तिचा काही दोष नव्हता. त्रेचाळीस वर्षं ज्या शेडमध्ये तिने चादरी विणल्या, तिथे अठरा हातमाग एकाच वेळी खडखडायचे. त्या आवाजावर आवाज चढवूनच जन्म गेला. डावा कान तर केव्हाच रजेवर गेला होता. त्यामुळे आत्याची कुजबुज म्हणजे इतरांचं भाषण. घरात कोणाला एखादी बातमी चार गल्ल्यांत पोचवायची असली, की ती तिला गुपित म्हणून सांगायचे.

भाचीचं घरचं नाव पोथी. लहानपणी जेवतानासुद्धा ताटाशेजारी पुस्तक लागायचं, म्हणून आत्यानेच ते ठेवलेलं. तेच पुढे चिकटलं आणि खरंही ठरलं, कारण पोथी मोठी होऊन जुन्या पोथ्यांमागेच लागली. पाच वर्षं खपून तिने प्रबंध लिहिला, आणि आज विद्यापीठात त्याची तोंडी परीक्षा होती. सगळ्यांसमोर, भरल्या हॉलमध्ये. घराण्यात दहावीच्या पुढे गेलेली ही पहिली. भाऊ आणि वहिनी यायला तडफडत होते, पण चादरींचा माल उद्याच द्यायचा होता. "तू जा," भाऊ म्हणाला. "तुझंच तर नाव आहे त्यात."

नाव नव्हतं, पण उल्लेख होता. पान दोनशे बारा, टीप एक्केचाळीस : "माहिती : संशोधिकेची आत्या, वय पासष्ट, हातमागावर त्रेचाळीस वर्षे." ही ओळ पोथीने घरी वाचून दाखवली, त्या दिवशी आत्याने तिला मुद्दाम फटकारलं होतं, "माझं वय कशाला जगाला सांगतेस?" आणि मग मोरीत जाऊन तोंडावर भरपूर पाणी मारून आली होती.

आता ही टीप कशाची, ते सांगायला हवं.

पोथीचा प्रबंध एका जुन्या कवयित्रीवर होता. तिचं नाव माहीत नाही, गाव माहीत नाही, काळही अंदाजाने, तीनशे वर्षांमागचा. एका वहीत तिचे एकोणचाळीस अभंग सापडले, एवढंच तिचं चरित्र. ती वही सापडली एका मोठ्या विद्वानांना, पस्तीस वर्षांपूर्वी. त्यांनी ती वाचली, शुद्ध केली, आणि नव्वद पानांची प्रस्तावना जोडून छापली. सगळे त्यांना 'मोठे सर' म्हणत, आणि ते होतेच मोठे. त्या वहीची अक्षरं वाळवीने खाल्लेली, शब्द एकमेकांना चिकटलेले. त्यांनी डोळे फोडून घेतले नसते, तर ती बाई आज कोणाला ठाऊकच नसती. पोथीही हे नेहमी मान्य करायची.

पण प्रस्तावनेत त्यांनी तिचं आयुष्य सांगितलं होतं, आणि ते सगळं उभं होतं या एका अभंगावर :

मागावरी बैसें । खळ लागे हातां ।
फणीमाजीं नाथा । दोघे आम्ही ॥
चुकलें मी घर । हांसताती लोक ।
उकलितें एक । एक दोरा ॥

मोठ्या सरांचा अर्थ असा : ही बाई देवाच्या मागावर, म्हणजे त्याच्या वाटेवर जाऊन बसली. तिथे खळ, म्हणजे दुष्ट लोक, तिच्या हाताला लागले. फणी म्हणजे शेषनाग, त्याच्या वेटोळ्यात तिला देव दिसला. 'दोघे आम्ही' याच्यापुढे त्यांनी कंसात एक प्रश्नचिन्ह टाकलं होतं. आणि 'चुकलें मी घर' म्हणजे ती नवऱ्याचं घर सोडून भरकटली, लोक हसले, मग तिने संसाराचे धागे एकेक करून उकलले. या अर्थावरून अभ्यासकांनी तिला नाव ठेवलं 'घरचुकली'. एकाच वेळी नाव ठेवलं आणि नावंही ठेवली. पुढे ती पाठ्यपुस्तकात गेली. 'भरकटलेल्या स्त्रीचा भक्तीने झालेला उद्धार' हा दहा मार्कांचा प्रश्न झाला आणि पोरं तो पाठ करून पास व्हायला लागली.

दोन वर्षांपूर्वी एका दुपारी आत्या अंगणात मोठ्या पातेल्यात पिठाची खळ ढवळत होती, आणि पोथी पायरीवर बसून हा अभंग अर्थासकट मोठ्याने वाचत होती. 'खळ म्हणजे दुष्ट' इथे आल्यावर आत्याचा हात थांबला.

"काय म्हणजे?"

"दुष्ट, आत्या. वाईट माणसं."

"अगं बया! मग मी हे काय शिजवतेय? दुष्टांची आमटी?" आत्या इतकी हसली, की पातेलं उतू जाता जाता राहिलं. मग चिकट बोटं पोथीच्या नाकासमोर धरून म्हणाली, "ही बघ. खळ लागे हातां. दोऱ्याला खळ लावली की हाताला लागतेच. माग, खळ, फणी... अगं, ही बाई विणकरीण आहे! आमच्यातली आहे ही!"

पोथीने तिथल्या तिथे वही काढली. मग दोघी शेडमध्ये गेल्या आणि आत्याने तिला फणी दाखवली. मागाला आडवी बसवलेली, कंगव्यासारखी, दातांची दाट रांग. ताण्याचा, म्हणजे उभा, प्रत्येक दोरा तिच्यातून ओवून घ्यावा लागतो. "आणि या दोन दातांमधल्या फटीला आम्ही काय म्हणतो, ठाऊक आहे?" आत्याने विचारलं. "घर."

पोथी त्या दिवशी जेवली नाही. पुढची दोन वर्षं तिने उरलेले अडतीस अभंगही त्याच डोळ्याने पुन्हा वाचले, सहा गावच्या विणकरांकडे जाऊन शब्द गोळा केले, आणि सव्वाशे पानांचं एक प्रकरण लिहिलं. पण पहिली ठिणगी आत्याची, म्हणून टीप एक्केचाळीस.

आणि त्या टिपेनेच घोळ केला. परीक्षक म्हणून विद्यापीठाने बोलावलं ते नेमकं मोठ्या सरांनाच. प्रबंध त्यांच्याकडे जाण्याआधी पोथीच्या गाईडबाई म्हणाल्या, "हे बघ, प्रकरण ठेव. पण ती टीप काढ. कोशाचा हवाला दे, जुन्या ग्रंथाचा दे. घरच्या माणसाचा आधार दिलास, तर ते एका वाक्यात उडवतील. टीप काढलीस तर परीक्षेच्याच दिवशी पदवी. ठेवलीस तर प्रबंध परत येईल, वर्ष जाईल, आणि पदवीच्या अटीवर लागलेली नोकरीही जाईल."

पोथीने टीप काढली नाही. आत्याला हे कळलं तेव्हा ती भडकली. "वेडी आहेस का? खोड ती ओळ! मला काय त्याचं लोणचं घालायचंय?" पोथी फक्त म्हणाली, "तुझ्याकडून कळलं, तर तुझ्याकडून कळलं असंच लिहिणार." पोरगी हट्टी, आणि हट्ट कोणाकडून आला हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं.

हॉल भरला होता. उंच खिडक्या, लाकडी खुर्च्या, समोर पांढरा पडदा आणि त्यावर प्रोजेक्टरने पाडलेला तो अभंग. आत्या सगळ्यात मागच्या रांगेत बसली, पिशवी मांडीवर, ओठ घट्ट मिटून. मोठे सर आले तेव्हा सगळे उठून उभे राहिले, तीही राहिली. बारीक चणीचा, टक्कल पडलेला, जाड चष्म्याचा माणूस. हातात त्यांचंच पुस्तक, कडा झिजलेलं. बघताक्षणी आत्याला वाटलं, हा माणूस कामसू आहे. आणि मग तिला त्याची जास्तच भीती वाटली.

पोथी बोलायला उभी राहिली. पहिली दोन वाक्यं अडखळली, मग तिला सूर सापडला. जुन्या भक्तिकवितेचा अभ्यास आपण कसा करतो, कवयित्रीच्या ओळीत आधी देव आणि संसार शोधतो, तिच्या हातातलं काम सगळ्यात शेवटी बघतो, असं ती सांगत होती. आत्याला त्यातलं अर्धं कळलं नाही. पण एवढी मोठमोठी माणसं खाली मान घालून पोथीचा शब्दन्‌शब्द लिहून घेत होती, हे तिला दिसत होतं. ऊर नुसता भरून आला तिचा. हिला मी न्हाऊ घातलंय, तिच्या मनात आलं. हिचं शेंबडं नाक पुसलंय मी. आणि आता बघा.

मग मोठे सर बोलायला लागले. आवाज शांत होता.

"प्रकरण मेहनतीने लिहिलंय. पण मुळात 'खळ' शब्दाचा दुष्ट हा अर्थ सोडायचं कारण काय? भक्तिकवितेत तो शेकडो वेळा..."

"शेकडो वेळा असेल, पण दुष्ट काय हाताला चिकटतो?" मागून आवाज आला.

सगळा हॉल वळला. आत्याला वाटलं होतं, आपण मनात म्हटलं. तिने पिशवी तोंडासमोर धरली. पोथीने डोळे मिटले.

मोठ्या सरांनी तिकडे लक्ष दिलं नाही. त्यांनी पान दोनशे बारा उघडलं. "या वाचनाचा आधार? टीप एक्केचाळीस. 'संशोधिकेची आत्या.'" त्यांनी चष्मा काढला. "माफ करा, पण आत्या नावाचा संदर्भग्रंथ मी काही वाचलेला नाही."

हॉलमध्ये हशा पिकला. गाईडबाईंनी कपाळाला हात लावला. आत्याला स्वतःचं काही वाटलं नाही, लोक हसण्याची तिला जुनी सवय होती. पण पोथी एवढीशी झाली असेल. आणि हे माझ्यापायी, तिला वाटलं. माझ्या एका ओळीपायी.

पण पोथी एवढीशी झाली नव्हती. तिने हसणं थांबेपर्यंत वाट बघितली.

"मग आज वाचा ना, सर," ती म्हणाली. "मागच्या रांगेत बसलीय."

या खेपेला कोणी हसलं नाही. मोठ्या सरांनी चष्मा परत लावला आणि मागच्या रांगेकडे पाहिलं. "या," ते म्हणाले. "पुढे या, बाई."

आत्या उठली. ती वाट तिला फार लांब वाटली. पुढे जाऊन पोथीशेजारी उभी राहिली, तेव्हा पोथीने तिचा हात एकदा दाबला आणि सोडला.

"फणी म्हणजे शेष नव्हे, असं तुम्ही म्हणता," मोठे सर म्हणाले. "दाखवा कशी ते."

"दाखवते की. कंगवा आहे का?" आत्याने त्यांच्याकडे बघून विचारलं, आणि मग त्यांच्या टकलाकडे लक्ष जाऊन जीभ चावली. हॉल पुन्हा हसला, पण आता वेगळं हसला. मोठे सरसुद्धा जरा हसले. कंगवा आला तो गाईडबाईंच्या पर्समधून. त्यांनी तो उठून, स्वतः पुढे येऊन दिला.

आत्याने पिशवीतून दोऱ्याची गुंडी काढली. ती तिच्या पिशवीत कायमच असायची. बोटं कामाला लागली आणि तिची भीती गेली. "ही फणी समजा. हे दात, आणि हे दातांमधलं घर. एका घरात दोन दोरे घालायचे. हे दोन. पुढच्या घरात हे दोन. असे दोन-दोन."

"प्रत्येक घरात दोनच?" मोठ्या सरांनी विचारलं.

"चादरीला दोन. एका घरात दोघं, शेजारी शेजारी, शेवटपर्यंत. त्याशिवाय कापड भरत नाही."

मोठ्या सरांनी स्वतःचं जुनं पुस्तक उघडलं, एका पानावर बोट ठेवलं आणि तसेच राहिले. पुढच्या रांगेतल्यांना दिसलं, ते बोट एका प्रश्नचिन्हावर होतं.

"फणीमाजीं नाथा, दोघे आम्ही," ते स्वतःशीच म्हणाले. "एका घरात. देव आणि ती." मग मान वर करून पोथीला म्हणाले, "पस्तीस वर्षं मला हे दोघं कोण ते कळलेलं नाही. मी दर आवृत्तीत हे प्रश्नचिन्ह पुन्हा छापलंय."

आत्या आपल्या कामात होती. "आता बघा, मी मुद्दाम एक घर चुकवते. इथे दोरेच घालत नाही." तिने पुढची घरं भरली आणि कंगवा प्रोजेक्टरच्या उजेडात धरला. पडद्यावर अभंगाच्या ओळींवर दोऱ्यांची सावली पडली, आणि त्यांच्या मधोमध एक उभी, उघडी फट. "झालं. आता अख्ख्या चादरीत वरपासून खालपर्यंत ही फट दिसणार. शेडमधल्या सगळ्या जणी हसणार. मीही हसलेय दुसरीला. मग बसायचं एकेक दोरा उकलत, चुकलेल्या घरापर्यंत मागे यायचं आणि पुन्हा भरायचं."

पडद्यावर तिच्या बोटांच्या सावलीखाली शेवटची ओळ होती. उकलितें एक एक दोरा. हॉलमध्ये ती ज्याने त्याने आपापली वाचली.

मोठे सर खुर्चीत मागे टेकले. एकदम म्हातारे दिसायला लागले. "म्हणजे ती घर सोडून गेलीच नव्हती," ते म्हणाले.

इथे आत्याला 'नाहीच गेली' म्हणता आलं असतं. सगळा हॉल तिच्या बाजूला होता. पण ती खोटं बोलणाऱ्यांतली नव्हती.

"ते मला काय ठाऊक?" ती म्हणाली. "गेली असेल, नसेलही. पण या ओळीत नाही गेली, एवढं सांगते." मग म्हणाली, "मी गेलेय, साहेब. बाविसाव्या वर्षी सासरचं घर सोडून भावाकडे आले, आणि पुढच्या आठवड्यात मागावर बसले. लोक काय काय म्हणाले, ते म्हणू देत. पण मी कधी 'घर चुकलं' म्हणाले नाही. मी ते सोडलं. कळून सवरून सोडलं. सोडलेल्या घराला कोणती बाई 'चुकलं' म्हणेल हो? चुकतं ते फणीतलं."

पोथी आत्याकडे बघत होती. ही गोष्ट तिने आत्याच्या तोंडून कधी ऐकली नव्हती, घरातही नाही, आणि आज ती तीनशे माणसांनी ऐकली. तिचे डोळे भरून वाहायला लागले आणि तिने ते पुसले नाहीत.

मोठ्या सरांनी पेन काढलं. आपल्या पुस्तकातलं ते प्रश्नचिन्ह त्यांनी खोडलं, समासात काहीतरी लिहिलं, आणि मग पोथीचा प्रबंध पुढे ओढला.

"प्रबंध मला मान्य आहे," ते म्हणाले. "मात्र एक दुरुस्ती. टीप एक्केचाळीस अशी चालणार नाही."

गाईडबाई उठायला लागल्या.

"संशोधिकेची आत्या," मोठे सर वाचत होते. "हे नातं झालं. माझा आधार घेतला तर माझं नाव पडतं. कोशाला नाव असतं, ग्रंथाला असतं. तीनशे वर्षं त्या बाईचं नाव आपण हरवलंय, आणि दुसरीचंही हरवायचं का?" त्यांनी पेनाचं टोक कागदावर टेकवलं. "सांगा, बाई. पूर्ण नाव."

आत्याने पोथीकडे पाहिलं. पूर्ण नाव. शेडमध्ये ती आत्या होती, गल्लीत आत्या होती, दूधवालासुद्धा तिला आत्याच म्हणायचा. पूर्ण नाव शेवटचं कोणी कधी विचारलं, तेही तिला आठवेना. तिने ओठ उघडले आणि सांगितलं.

कोणालाच ऐकू गेलं नाही. शेजारी उभ्या असलेल्या पोथीलाही नाही. जिची कुजबुज तीन बाकांपुढे जायची, तिच्या तोंडून तिचं स्वतःचं नाव इतकं हळू निघालं.

"जरा मोठ्याने," मोठे सर म्हणाले. त्यांनी हात कानामागे नेला. "मला कमी ऐकू येतं."

"मलाही," आत्या म्हणाली.

मग तिने पाठ ताठ केली, शेडमध्ये करायची तशी छाती भरून घेतली, आणि अठरा माग चालू असते तरी ऐकू गेलं असतं अशा आवाजात आपलं नाव सांगितलं.